पीट रोझेल आणि एनएफएल: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सुपर बोल, म्हणजे अमेरिकन फुटबॉलचा वर्षाचा अंतिम सामना, जवळ आला की ठरावीक प्रश्न येऊ लागतात. निम्मे न्यू जर्सी, डॅलस, बे एरियातल्या मंडळींचे असतात: मित्राकडे सामना बघायला बोलावलंय, तिथे सगळे ज्या रोझेलचं नाव घेतात तो कोण? उरलेले पुण्या-मुंबईतल्या, आयपीएलच्या अर्थकारणात रस असणाऱ्यांचे. दोघांचीही उत्तरं इथे एकत्र दिली आहेत. तीच गोष्ट दोनदा सांगायला नको म्हणून प्रश्नांना क्रमांक आहेत. ‘प्रश्न ६ पाहा’ असं दिसलं, तर उरलेली गोष्ट तिथे मिळेल.

१. हा पीट रोझेल कोण? खेळाडूंच्या यादीत तर नाव कुठेच सापडत नाही.

सापडणारही नाही. व्यावसायिक फुटबॉलचा एकही सामना तो खेळला नाही. जानेवारी १९६० ते नोव्हेंबर १९८९ अशी जवळजवळ तीस वर्षं तो अमेरिकेतल्या नॅशनल फुटबॉल लीगचा, म्हणजे एनएफएलचा, कमिशनर होता. आला तेव्हा लीगमध्ये १२ संघ होते, गेला तेव्हा २८. तो आला त्या काळी अमेरिकेचा राष्ट्रीय खेळ कोणता, असं विचारलं तर कुणीही डोळे झाकून बेसबॉल म्हणालं असतं. तो गेला तोवर सुपर बोलचा रविवार हा त्या देशाचा सणच होऊन बसला होता. १९८५ मध्ये, खुर्चीवर असतानाच, त्याला ओहायोतल्या कँटनच्या प्रो फुटबॉल हॉल ऑफ फेममध्ये घेतलं गेलं.

२. फुटबॉल म्हणजे आपला फुटबॉल ना?

नाही. हा अमेरिकन फुटबॉल: अंडाकृती चेंडू, हेल्मेट, खांद्यांवर पॅड, चेंडू हाताने फेकायचा नाहीतर कवटाळून पळायचं. मेस्सी-रोनाल्डोच्या खेळाला तिथे सॉकर म्हणतात. या पानावर ‘फुटबॉल’ लिहिलं असेल तिथे अमेरिकन फुटबॉलच समजा. नियम माहीत नसले तरी पुढचं समजायला काही अडत नाही, कारण रोझेलची गोष्ट मैदानापेक्षा बैठकीच्या खोल्यांत, टीव्हीच्या करारांत आणि कोर्टात जास्त घडते.

३. कमिशनर म्हणजे लीगचा मालक का?

उलट. कमिशनर हा संघमालकांनी नेमलेला पगारी माणूस. रोझेलला सुरुवातीला वर्षाला ५० हजार डॉलर मिळत. गंमत अशी की ज्यांनी नेमलं, त्यांनाच दंड करण्याचा अधिकारही त्याच्याकडे. खेळाडूला निलंबित करणं, मालकांमधले वाद मिटवणं, टीव्हीचे करार ठरवणं ही सगळी त्याची कामं. मोठ्या निर्णयांना मात्र मालकांची मतं लागत, बहुतेक वेळा तीन-चतुर्थांश. डझनभर कोट्यधीश, प्रत्येकाला आपलंच खरं वाटतं, आणि त्यांच्यातल्या नऊ-दहांना एका वेळी ‘हो’ म्हणायला लावायचं, ही ती नोकरी.

४. खेळाडू नव्हता, वकीलही नव्हता, मग या धंद्यात आला कसा?

प्रसिद्धीच्या कामातून. त्याचं मूळ नाव अल्विन रे रोझेल, ‘पीट’ हे काकांनी ठेवलेलं लाडाचं नाव. जन्म १ मार्च १९२६ चा, लॉस एंजेलिसच्या दक्षिणेकडच्या साउथ गेटमधला. दुसऱ्या महायुद्धात नौदलात होता. परत आल्यावर कॉम्प्टन ज्युनिअर कॉलेजात गेला आणि तिथे नशिबाने साथ दिली. १९४६ मध्ये क्लीव्हलँडहून लॉस एंजेलिसला आलेल्या रॅम्स संघाचा सराव त्याच कॉलेजच्या मैदानावर चाले. हा विद्यार्थी त्यांच्या प्रसिद्धी विभागाला पडेल ती मदत करू लागला.

पुढे तो सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठात गेला, १९५० मध्ये पदवी घेतली आणि तिथल्याच क्रीडा विभागाचा प्रसिद्धिप्रमुख झाला. १९५१ चा तिथला फुटबॉल संघ हंगामभर एकही सामना हरला नाही. पण ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर या दोन कृष्णवर्णीय खेळाडूंना वगळून खेळायला संघाने नकार दिला आणि हंगामाअखेरच्या मानाच्या ‘बोल’ सामन्यांची दारं त्यांना बंद झाली. या संघाच्या बातम्या देशभर पोचवायचं काम रोझेलचं होतं. त्याने हे लोक पुढेही लक्षात ठेवले. टोलर १९६५ मध्ये एनएफएलचा पहिला कृष्णवर्णीय पंच झाला, तेव्हा लीगचा कमिशनर रोझेलच होता.

१९५२ मध्ये तो रॅम्सचा प्रसिद्धिप्रमुख झाला. मध्ये काही काळ सॅन फ्रान्सिस्कोच्या जनसंपर्क कंपनीत काढून १९५७ मध्ये रॅम्सचा जनरल मॅनेजर म्हणून परतला. तेव्हा रॅम्सच्या भागीदार मालकांचं एकमेकांशी पटत नव्हतं, म्हणून सगळ्यांशी गोड बोलू शकणारा माणूस हवा होता. मैदानावरची कामगिरी म्हणाल तर यथातथाच. १९५९ मध्ये त्याने मॅटसनला आणण्यासाठी नऊ जणांचा सौदा केला आणि त्या हंगामात संघ १२ पैकी १० सामने हरला! लगेच पुढच्या जानेवारीत हाच माणूस अख्ख्या लीगच्या डोक्यावर बसला.

५. दहा सामने हरलेल्या संघाचा मॅनेजर वयाच्या ३३ व्या वर्षी कमिशनर? वशिला होता का?

वशिला नव्हता, मालकांची दमछाक झाली होती. आधीचा कमिशनर बर्ट बेल ११ ऑक्टोबर १९५९ ला फिलाडेल्फियात ईगल्स आणि स्टीलर्सचा सामना पाहताना स्टेडियममध्येच हृदयविकाराने गेला. (हे दोन्ही संघ एकेकाळी त्याच्या मालकीचे होते.) जानेवारीत मालक मायामी बीचच्या केनिलवर्थ हॉटेलात जमले आणि दोन तट पडले. एका बाजूला सॅन फ्रान्सिस्कोच्या फॉर्टीनायनर्स संघाचा वकील मार्शल लेही, दुसऱ्या बाजूला हंगामी कमिशनर ऑस्टिन गन्सेल. लेहीला लीगचं ऑफिस सॅन फ्रान्सिस्कोला न्यायचं होतं, ते पूर्वेकडच्या जुन्या मालकांच्या पचनी पडेना. फेऱ्यांवर फेऱ्या झाल्या, दिवसांमागून दिवस गेले, कुणालाच पुरेशी मतं पडेनात.

शेवटी कुणालाच नको नसलेलं नाव पुढे आलं. रोझेलला खोलीबाहेर जायला सांगितलं. बाहेर पत्रकार टपलेले, म्हणून तो स्वच्छतागृहात जाऊन थांबला. कुणी आत आलं की उगाच उभा का दिसायचं, म्हणून नळ सोडून हात धुवायचा. तो माणूस गेला की थांबायचा, पुढचा आला की पुन्हा हात धुवायचा. २६ जानेवारी १९६० ला तेविसाव्या फेरीत तो निवडून आला आणि ‘मी स्वच्छ हातांनी आलो आहे’ असं मालकांना म्हणाला, अशी हकिकत सांगतात.

पोरगेला दिसतो, आपल्या मुठीत राहील, असा हिशेब काही मालकांनी नक्की केला असणार. तो साफ चुकला. त्याने पहिल्या काही निर्णयांतच लीगचं मुख्यालय फिलाडेल्फियाच्या उपनगरातून न्यूयॉर्कला हलवलं, कारण जाहिरात कंपन्या आणि टीव्ही नेटवर्क तिथे होते.

६. त्याने केलेलं सर्वांत मोठं काम कोणतं? सुपर बोल का?

बहुतेक लोक तेच सांगतात. माझ्या मते ते १९६१ सालचं आहे आणि त्यात एकही चेंडू नाही.

तोवर प्रत्येक संघ आपापले टीव्हीहक्क आपापला विकत असे. न्यूयॉर्क जायंट्सना गडगंज बाजारपेठ, तर विस्कॉन्सिनमधल्या ग्रीन बे पॅकर्सचं गाव तेव्हा लाखभर वस्तीचंही नव्हतं. दोघांच्या टीव्ही उत्पन्नात जमीन-अस्मानाचा फरक. हे असंच चालू राहिलं असतं तर दहा-पंधरा वर्षांत तीन-चार शहरांचे संघ उरले असते आणि बाकीचे त्यांच्याकडून मार खायला राहिले असते.

रोझेलचा प्रस्ताव एका वाक्यात सांगता येतो: सगळ्यांचे हक्क लीगने एकत्र विकायचे आणि पैसे सारखे वाटायचे. आपला सहकारी दूधसंघ डोळ्यांसमोर आणा, फक्त इथे चार लिटर घालणाऱ्यालाही चारशे लिटर घालणाऱ्याइतकेच पैसे. मोठ्या गोठ्यांचे मालक कशाला कबूल होतील? न्यूयॉर्कचे मारा, शिकागोचा जॉर्ज हॅलस, लॉस एंजेलिसचा डॅन रीव्ह्ज या तिघांच्या खिशातून सर्वांत जास्त जाणार होतं. रोझेलने त्यांना एकेकट्याला गाठून पटवलं. त्याचा मुद्दा होता, समोरचा संघ तगला नाही तर तुम्ही खेळणार कुणाशी? न्यूयॉर्कच्या वेलिंग्टन मारा याने मान डोलावली आणि मग बाकीच्यांना नाही म्हणायला तोंड उरलं नाही.

कल्पना पूर्णपणे त्याची नव्हती, हेही सांगायला हवं. १९६० मध्ये सुरू झालेल्या प्रतिस्पर्धी अमेरिकन फुटबॉल लीगने, म्हणजे एएफएलने, पहिल्या दिवसापासून एबीसी या टीव्ही नेटवर्कला एकत्र हक्क विकून पैसे वाटून घेतले होते. पण नव्या लीगमध्ये सगळेच उपाशी, वाटून खायला कुणाची हरकत असणार? भरल्या ताटावरून उठवणं कठीण, आणि ते रोझेलने केलं.

पुढची अडचण कायद्याची. सीबीएस या टीव्ही नेटवर्कशी करार झाला आणि जुलै १९६१ मध्ये फिलाडेल्फियाचे न्यायाधीश अ‍ॅलन ग्रिम यांनी तो मक्तेदारीविरोधी कायद्याचा भंग म्हणून रद्द केला. रोझेल वॉशिंग्टनला जाऊन बसला. संसदसदस्यांना भेटून, त्यांना पटवून त्याने सवलतीचा कायदाच करून घेतला. ३० सप्टेंबर १९६१ ला अध्यक्ष केनेडींनी त्यावर सही केली. निकालापासून कायद्यापर्यंत अडीच महिनेसुद्धा लागले नाहीत. त्या कायद्यातल्या खाचाखोचांसाठी प्रश्न १७ पाहा.

नवा करार १९६२ पासून वर्षाला ४६.५ लाख डॉलरचा झाला, म्हणजे १४ संघांना प्रत्येकी साधारण ३ लाख ३० हजार. दोनच वर्षांनी सीबीएसने वर्षाला १ कोटी ४१ लाख मोजले आणि प्रत्येकाच्या पदरात दहा लाख पडले. १९८२ च्या पाच वर्षांच्या करारांची बेरीज दोन अब्ज डॉलरच्या घरात गेली. लाखभर वस्तीच्या गावातला तो पॅकर्स संघ आजही त्याच गावात आहे.

७. म्हणजे आयपीएलचंच मॉडेल ना हे?

कणा तोच. आयपीएलमध्येही प्रक्षेपणहक्क संघ विकत नाहीत, मंडळ एकत्र विकतं आणि संघांना वाटा देतं. २०२३ ते २०२७ या पाच हंगामांचे हक्क ४८,३९० कोटी रुपयांना गेले ते असे एकत्र विकले म्हणूनच. पण फरकही मोठे आहेत. आयपीएलच्या वर बीसीसीआय आहे आणि ती आपला हिस्सा ठेवते. एनएफएल ही संघमालकांचीच संघटना, तिच्या वर कुणी नाही. आणि आयपीएलमध्ये खेळाडूंचा लिलाव होतो, एनएफएलमध्ये ड्राफ्ट. त्यासाठी पुढचा प्रश्न.

८. ड्राफ्टची पद्धत रोझेलने आणली का?

नाही, ती बर्ट बेलची. पहिला ड्राफ्ट १९३६ मध्ये झाला. कॉलेजातून बाहेर पडणाऱ्या खेळाडूंतून सर्वांत खालच्या क्रमांकाच्या संघाने आधी निवड करायची, विजेत्याने शेवटी. रोझेलच्या काळात त्यात टीव्ही आला. १९८० मध्ये तेव्हा बाळसंही न धरलेल्या ईएसपीएन या केबल वाहिनीने ड्राफ्ट थेट दाखवायची परवानगी मागितली. नावं वाचून दाखवण्याचा हा कार्यक्रम कोण बघणार, असं लीगमधल्या बऱ्याच जणांना वाटलं. आज तो लाखो लोक बघतात.

९. मग सुपर बोल कुणी सुरू केला?

तो दोन लीगच्या तहातून जन्मला. एएफएल बुडत नव्हती. १९६५ पासून तिला एनबीसी या नेटवर्कचे पैसे मिळू लागले आणि कॉलेजातल्या चांगल्या खेळाडूंसाठी दोन्हीकडून बोली चढू लागली. १९६६ मध्ये एप्रिलपासून एनएफएलच्या डॅलस काउबॉयज संघाचा जनरल मॅनेजर टेक्स श्रॅम आणि एएफएलचा संस्थापक लमार हंट गुपचूप भेटू लागले. पहिली भेट डॅलसच्या लव्ह फील्ड विमानतळावर झाली. ८ जून १९६६ ला विलीनीकरण जाहीर झालं. कमिशनर रोझेलच राहणार होता आणि एएफएलच्या संघांनी वीस वर्षांत १ कोटी ८० लाख डॉलर भरायचे ठरलं.

इथेही मक्तेदारीचा कायदा आडवा आला आणि रोझेलने पुन्हा संसद गाठली. लुइझियानाचे सिनेटर रसेल लाँग आणि प्रतिनिधी हेल बॉग्ज यांनी सवलत मंजूर करून घेतली. नोव्हेंबरच्या पहिल्याच दिवशी लुइझियानातल्या न्यू ऑर्लिन्सला नवा संघ मिळाला. देवाणघेवाण इतकी उघड होती की ती लपवायचा प्रयत्नही कुणी फारसा केला नाही.

दोन्ही लीगच्या विजेत्यांमधला पहिला सामना १५ जानेवारी १९६७ ला लॉस एंजेलिसच्या कोलिझियममध्ये झाला. पॅकर्सनी कॅन्सस सिटी चीफ्सना ३५-१० असं हरवलं. ९० हजारांहून जास्त क्षमतेच्या स्टेडियमात ६१,९४६ प्रेक्षक होते. सीबीएस आणि एनबीसी दोघांकडेही हक्क असल्यामुळे एकच सामना दोन वाहिन्यांवर चालू होता. उत्तरार्धाची पहिली किक एनबीसीच्या जाहिरातींमुळे हुकली, म्हणून ती पुन्हा मारायला लावली!

‘सुपर बोल’ हे नाव हंटला सुचलं, त्याच्या मुलांच्या ‘सुपर बॉल’ या उसळणाऱ्या चेंडूवरून. रोझेलला ते थिल्लर वाटलं. वर्तमानपत्रांनी आणि लोकांनी ते उचललं, मग त्याचाही इलाज चालला नाही. सामन्याला खरी धार आली ती जानेवारी १९६९ मध्ये, एएफएलच्या न्यूयॉर्क जेट्सनी एनएफएलच्या बाल्टिमोर कोल्ट्सना १६-७ असं हरवलं तेव्हा. दुबळी समजली जाणारी लीग बरोबरीची आहे, हे त्या दिवशी सगळ्यांना कळलं.

प्रत्यक्ष विलीनीकरण १९७० मध्ये झालं. गट कसे पाडायचे यावर मालकांचं एकमत होईना, तेव्हा पाच वेगवेगळे आराखडे चिठ्ठ्यांवर लिहून भांड्यात टाकले आणि रोझेलच्या सेक्रेटरी थेल्मा एल्कियर यांनी एक उचलला. अब्जावधींच्या धंद्याचा नकाशा असा चिठ्ठी टाकून ठरला.

१०. सोमवारी रात्री सामना ठेवायची कल्पना कुणाची?

त्याचीच, आणि ती त्याला विकावी लागली. सीबीएस आणि एनबीसीला सोमवारचे आपले चालते कार्यक्रम हलवायचे नव्हते. एबीसी तिसऱ्या क्रमांकावर आणि तीही काचकूच करत होती. तुम्ही नाही घेतलं तर अब्जाधीश हॉवर्ड ह्यूजच्या नेटवर्कला देऊ, असं रोझेलने सांगितलं तेव्हा एबीसी तयार झाली. २१ सप्टेंबर १९७० ला क्लीव्हलँडमध्ये ब्राउन्सनी जेट्सना ३१-२१ हरवलं आणि मंडे नाइट फुटबॉल सुरू झालं.

११. केनेडींच्या हत्येनंतर दोनच दिवसांनी सामने खेळवले, हे खरं का?

खरं. हत्या शुक्रवारी, २२ नोव्हेंबर १९६३ ला झाली. एएफएलने रविवारचे सामने पुढे ढकलले, कॉलेजांचेही बरेच रद्द झाले. रोझेलने केनेडींचे प्रसिद्धिसचिव पिअर सॅलिंजर यांना गाठलं. ते त्याच्या सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठातले जुने ओळखीचे. खेळा, असा सल्ला सॅलिंजर यांनी दिला. एनएफएलचे सातही सामने झाले, पण टीव्हीवर दिसले नाहीत, कारण सीबीएसवर अखंड बातम्या चालू होत्या. त्याच दुपारी, सामने सुरू व्हायच्या जरा आधी, हत्येचा आरोपी ली हार्वी ऑसवाल्डला गोळी घातली गेली होती.

हा आपला सर्वांत चुकीचा निर्णय, असं रोझेल पुढे स्वतःच म्हणत असे. एरवी लोकांना काय वाटेल हे आधी ओळखणं हीच त्याची हातोटी. इथे त्याने जनतेचा अंदाज घेण्याऐवजी एका मित्राचा सल्ला घेतला.

१२. खेळाडूंवर जुगारावरून कारवाई केली, ती किती कडक होती?

त्या काळाच्या मानाने फारच. एप्रिल १९६३ मध्ये त्याने पॅकर्सचा पॉल हॉर्नंग आणि डेट्रॉइट लायन्सचा अ‍ॅलेक्स कॅरास यांना बेमुदत निलंबित केलं. हॉर्नंग हा लीगचा लाडका, देखणा, दोन वर्षांपूर्वीच सर्वोत्तम खेळाडू ठरलेला. दोघांनी एनएफएलच्या सामन्यांवर पैजा लावल्या होत्या, पण आपल्या संघाच्या विरोधात लावल्याचा पुरावा नव्हता. लायन्सच्या आणखी पाच जणांना प्रत्येकी दोन हजार डॉलर दंड झाला, क्लबलाही झाला. मार्च १९६४ मध्ये दोघांना परत घेतलं. हा पोऱ्या कुणाला भीत नाही, हे मालकांना कळलं ते या प्रकरणात.

हॉर्नंगला हॉल ऑफ फेममध्ये जायला १९८६ उजाडलं. कॅरास तर २०२० मध्ये, म्हणजे मृत्यूनंतर आठ वर्षांनी गेला.

१३. जो नेमथने तर पैज लावली नव्हती. मग त्याच्या मागे का लागला?

नेमथ हा प्रश्न ९ मधल्या त्या जेट्सचा हिरो. त्याची न्यूयॉर्कमध्ये ‘बॅचलर्स थ्री’ नावाच्या बारमध्ये भागीदारी होती आणि तिथे जुगारी मंडळींची ऊठबस असल्याची तक्रार होती. रोझेलचं म्हणणं, पैज लावली नसली तरी संशयाला जागा नको, हिस्सा विक. जून १९६९ मध्ये नेमथने पत्रकारांपुढे रडत निवृत्ती जाहीर केली. जुलैत हिस्सा विकून परत आला. आज हीच लीग सट्टेबाजीच्या कंपन्यांशी अधिकृत भागीदारी करते, हे रोझेलने पाहिलं असतं तर काय म्हणाला असता कोण जाणे.

१४. ‘रोझेल रूल’ काय होता? तो खेळाडूंच्या विरोधात होता का?

होता, आणि त्याची बाजू इथे लंगडी पडते. करार संपलेला खेळाडू दुसऱ्या संघात गेला तर नव्या संघाने जुन्याला भरपाई द्यायची. आपसात जमलं नाही तर भरपाई काय, हे कमिशनर ठरवणार: खेळाडू, ड्राफ्टमधली निवड, काहीही. किती ते आधी कळणारच नाही, अशी किंमत मोजायला कोण धजेल? १९६३ ते १९७४ या काळात १७६ खेळाडूंनी करार पूर्ण करून मोकळे होण्याचा मार्ग धरला, त्यातले ३४ च दुसऱ्या संघात गेले. रोझेलने स्वतः भरपाई ठरवली ती फक्त चार वेळा. धाक पुरेसा होता.

खेळाडू संघटनेचा अध्यक्ष जॉन मॅकी आणि इतर कोर्टात गेले. १९७५ च्या अखेरीस मिनेसोटाच्या न्यायालयाने नियम बेकायदा ठरवला आणि पुढच्या वर्षी अपील न्यायालयाने निकालाचा गाभा कायम ठेवला. तरी खेळाडूंना खरं स्वातंत्र्य मिळायला १९९३ उजाडावं लागलं. तोवर १९८२ मध्ये ५७ दिवसांचा संप झाला आणि हंगाम १६ ऐवजी ९ सामन्यांवर आला. १९८७ च्या संपात मालकांनी तीन आठवडे बदली खेळाडू उतरवले. मालकांत वाटणी सारखी करणाऱ्या या माणसाला त्या वाटणीत खेळाडूंचाही पाट मांडावा असं कधी वाटलं नाही, हा त्याच्यावरचा आक्षेप मला रास्त वाटतो.

१५. अल डेव्हिसशी एवढं वैर कशामुळे?

मूळ १९६६ मध्ये आहे. ओकलंड रेडर्सचा डेव्हिस त्या वसंतात एएफएलचा कमिशनर झाला आणि एनएफएलचे क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकणारे मुख्य खेळाडू, फोडायचा सपाटा त्याने लावला. लढाई जिंकत आलोय असं वाटत असताना त्याच्याच मालकांनी त्याच्या पाठीमागे तह केला (प्रश्न ९) आणि खुर्ची रोझेलकडे राहिली. तो सल त्याने जन्मभर जपला.

१९८० मध्ये डेव्हिसने रेडर्सना लॉस एंजेलिसला हलवायचं ठरवलं. मालकांनी विरोधात मतदान केलं, तो कोर्टात गेला. खटला चालू असताना जानेवारी १९८१ मध्ये रेडर्सनी सुपर बोल जिंकला आणि करंडक डेव्हिसच्या हाती द्यायची वेळ रोझेलवर आली. चित्रफीत बघा: दोघे कॅमेऱ्यासमोर, शब्द नेमके आणि नम्र, चेहऱ्यावरची सुरकुती हलत नाही. प्रसिद्धी विभागात मुरलेल्या माणसाचं ते कसब होतं.

१९८२ मध्ये ज्युरीने डेव्हिसच्या बाजूने निकाल दिला. भरपाई तिप्पट होऊन सुमारे ४.९ कोटी डॉलरपर्यंत गेली. पैशांपेक्षा जिव्हारी लागलं ते वेगळंच. सगळ्यांनी मिळून ठरवायचं, ही रोझेलची घडी विस्कटली. मार्च १९८४ मध्ये कोल्ट्सनी रातोरात ट्रक भरून बाल्टिमोर सोडलं आणि इंडियानापोलिस गाठलं, तेव्हा लीगने हू की चू केलं नाही.

१६. ट्रम्प आणि एक डॉलरची गोष्ट खरी की व्हॉट्सअ‍ॅपवरची?

खरी. १९८३ मध्ये सुरू झालेल्या यूएसएफएल या नव्या लीगमधल्या न्यू जर्सी जनरल्सचा मालक डोनाल्ड ट्रम्प होता. वसंतातले सामने शरद ऋतूत नेऊन एनएफएलशी थेट टक्कर घ्यावी आणि मक्तेदारीचा खटला भरावा, असा त्याचा आग्रह. खटल्यात त्याने साक्ष दिली की रोझेलने आपल्याला एनएफएलच्या संघाचं आमिष दाखवलं होतं. रोझेलने ते साफ नाकारलं. २९ जुलै १९८६ ला ज्युरीने एनएफएलला मक्तेदारीबद्दल दोषी ठरवलं आणि भरपाई दिली एक डॉलर. कायद्याने तिप्पट म्हणून तीन. नवी लीग तिथेच आटोपली.

१७. एकत्र हक्क विकायला कायद्याने सूट आहे, मग लीगवर अजूनही खटले कसे होतात?

कारण सूट मर्यादित आहे. १९६१ चा कायदा जाहिरातींवर चालणाऱ्या, सगळ्यांना फुकट दिसणाऱ्या टीव्हीसाठी आहे. पैसे भरून बघायच्या सेवेला तो लागू होतो का, हा वादाचा मुद्दा. ‘संडे तिकीट’ या सशुल्क सेवेवरून २०२४ मध्ये ज्युरीने लीगविरुद्ध ४.७ अब्ज डॉलरचा निकाल दिला आणि काही आठवड्यांतच न्यायाधीशांनी तो फिरवला.

दुसरी खोच वेळापत्रकाची. शाळा-कॉलेजांचा प्रेक्षक पळू नये म्हणून सप्टेंबरच्या मध्यापासून डिसेंबरच्या मध्यापर्यंत शुक्रवारी संध्याकाळी आणि शनिवारी त्यांच्या सामन्यांच्या ७५ मैलांच्या आत प्रक्षेपण केलं, तर ही सूट मिळत नाही. एनएफएल त्या महिन्यांत शनिवार सोडून रविवारी का खेळते, त्याचं एक कारण हे.

१८. घरच्या गावातच सामना टीव्हीवर दिसायचा नाही, असं सासरे सांगतात. का?

बरोबर सांगतात. तिकीटविक्री मार खाईल म्हणून लीग यजमान शहरात प्रक्षेपण बंद ठेवत असे, स्टेडियम खचाखच भरलेलं असलं तरी. रोझेल त्यावर अडून बसला होता. वॉशिंग्टनमधल्या पुढाऱ्यांनाच आपल्या संघाचे सामने दिसेनात, तेव्हा १९७३ मध्ये संसदेने कायदा केला: ७२ तास आधी सगळी तिकिटं संपली तर सामना दाखवायचा. कायद्याची मुदत सरल्यावरही लीगने तोच नियम चालू ठेवला. २०१५ पासून तो स्थगित आहे.

१९. निवृत्ती का घेतली? पुढे काय झालं?

खटले आणि संप यांनी तो थकला होता. मार्च १९८९ मध्ये, कराराची मुदत बाकी असताना, मालकांच्या बैठकीत त्याने निवृत्ती जाहीर केली. कुणाला कुणकुणही नव्हती. वारस निवडताना जुने आणि नवे मालक असे पुन्हा दोन तट पडले आणि काही महिन्यांच्या ओढाताणीनंतर लीगचा वकील पॉल टॅग्लियाब्यू कमिशनर झाला. रोझेल कॅलिफोर्नियात रांचो सांता फे इथे राहायला गेला. ६ डिसेंबर १९९६ ला, ७० व्या वर्षी, मेंदूच्या कर्करोगाने त्याचा मृत्यू झाला. पहिल्या लग्नापासून त्याला एक मुलगी होती. दुसरी पत्नी कॅरी हिने अध्ययन अक्षमता असलेल्या मुलांसाठी मोठं काम उभं केलं.

२०. सुपर बोलचा करंडक त्याच्या नावाचा आहे ना?

विजेत्या संघाला मिळतो तो विन्स लोम्बार्डी करंडक, पॅकर्सच्या प्रशिक्षकाच्या नावाचा. सामन्याच्या सर्वोत्तम खेळाडूला मिळतो तो पीट रोझेल करंडक. भारतातून बघणार असाल तर सामना साधारण सोमवारी पहाटे पाचला सुरू होतो, आणि हा करंडक दिसेपर्यंत ऑफिसची वेळ होत आलेली असते.